कन्नड कानात शिरेना: एकाच आवाजावर शिकावं की दहा आवाजांवर?

भीमाकाठ
नमस्कार मंडळी. मी सोलापुरात फिजिओथेरपिस्ट आहे. आमच्याकडे इंडी, आळंद, अफजलपूर, विजयपूर भागातले पेशंट खूप येतात. मोडकंतोडकं मराठी-हिंदी बहुतेकांना येतं, पण कंबर धरून आलेली आजी दुखणं सांगणार ते तिच्याच भाषेत. सोबतचा नातू त्याचं मराठी करतो ते "दुखतंय म्हणते" एवढंच. उठताना दुखतं की बसताना, रात्री की सकाळी, सगळं मधल्यामध्ये गळतं. म्हणून कन्नड शिकायला घेतली.

मोबाइलवर एका बाईंचे धडे ऐकते. आवाज स्वच्छ, उच्चार ठसठशीत. त्यांचं सगळं कळतं, धड्यामागच्या चाचण्याही नीट जातात. समोर पेशंट बोलायला लागला की मात्र पाटी कोरी. सगळ्यात जास्त घोळ आखूड आणि लांब ए-ओचा. 'कोडु' आखूड ओने म्हटलं तर 'दे', लांब ओने म्हटलं तर 'शिंग'. 'बेळे' आखूड ए असेल तर पीक, लांब असेल तर डाळ. बाईंच्या तोंडून हा फरक मला लख्ख कळतो. आमच्या वॉर्डबॉयच्या तोंडून अजिबात नाही, आणि तो तर जन्माने कन्नड आहे.

एका मैत्रिणीचं म्हणणं असं की मोठ्या वयात परक्या भाषेचे ध्वनी ओळखायला शिकवताना मुद्दाम वेगवेगळ्या माणसांचे आवाज वापरतात. याचा कोणाला अनुभव आहे का? पहिल्यापासून दहा आवाज ऐकावेत, की एक आवाज पक्का करून मग पुढे जावं?

शेंगाचटणी
पेशंट "औषध कोडु" म्हणाला आणि तुम्ही शिंग हातात दिलंत, तर पाटी बदलून जनावरांचा दवाखाना करावा लागेल.
(वाचतोय. जाणकार येऊ द्यात.)

अण्णा अक्कलकोटकर
ताई, हे धडेबिडे सोडा. आमच्याकडची पोरं घरात कन्नड, शाळेत मराठी, गल्लीत दखनी बोलतात. त्यांचे कान कोणी तयार केले? आठवडी बाजारात जाऊन बसा. भाजीवाली, मिरचीवाला, बैलवाला, जितके पाहिजेत तितके आवाज फुकट. वर्षभरात कान आपोआप उघडतो.

पूर्वभागातला
अण्णा म्हणलालेत ते पोरांचं खरं, मोठ्यांचं नाही. आमचं घर तेलुगू, साखर पेठेतलं. शेजारी कन्नड. आम्हाला हा आखूड-लांब ए कधीच शिकावा लागला नाही, कारण तेलुगूतच तो आहे. 'नेल' आखूड ए म्हणजे महिना, लांब ए म्हणजे जमीन. माझी बायको मराठी घरातली. लग्नाला इतकी वर्षं झाली, घरात दिवसभर तेलुगू कानावर पडलालीय, तरी या दोन्हींत तिचा अजून गोंधळ. समजतं तिला सगळं, पण संदर्भावरून. "पुढच्या नेलला पगार" म्हणलं तर जमिनीचा काय संबंध?

ध्वनिवेडा
पूर्वभागातले यांनी मुद्द्याला हात घातला. अण्णा, बाजारात आवाज भरपूर मिळतात, पण बरोबर-चूक सांगणारं कोणी नसतं. वर संदर्भ इतका असतो की ध्वनी नीट ऐकायची गरजच पडत नाही. मिरचीवाल्यापुढे उभं राहून कोणी शिंग मागत नाही हे मेंदूला ठाऊक असतं. त्यामुळे माणूस वीस वर्षं त्या भाषेत राहतो, सगळे व्यवहार करतो, आणि एखादा फरक ऐकू येत नाही तो नाहीच येत.

लहान मुलांचं गणित वेगळं. १९८४ साली जॅनेट वर्कर आणि रिचर्ड टीस यांनी कॅनडात इंग्रजी घरांतल्या बाळांना हिंदीतले त आणि ट ऐकवले. सहा ते आठ महिन्यांच्या बाळांना फरक कळत होता. दहा-बारा महिन्यांच्या फार थोड्यांना कळला. कानात बिघाड काहीच नव्हता. ज्या फरकाने घरच्या भाषेत अर्थ बदलत नाही, तिकडे लक्ष द्यायचं मेंदू त्या वयातच सोडून देतो. मराठीत ए आखूड म्हटला काय, लांब म्हटला काय, शब्द तोच राहतो. म्हणून आपण तो फरक सोडून दिलेला असतो.

आता भीमाकाठ यांचा प्रश्न. यावरचं गाजलेलं काम जपानी लोकांच्या इंग्रजी र-लवर झालंय, कारण त्यांना हे दोन ध्वनी वेगळे ऐकू येणं अवघड जातं. आधी, १९८४ मध्येच, स्ट्रेंज आणि डिटमन यांनी इंग्रजी शिकणाऱ्या जपानी लोकांना संगणकाने तयार केलेल्या 'रॉक-लॉक' आवाजांवर घोटवलं. त्या आवाजांवर ते सुधारले, पण खऱ्या माणसाने उच्चारलेले शब्द लावले की सुधारणा दिसेना. मग १९९१ मध्ये इंडियाना विद्यापीठातल्या लोगन, लाइव्हली आणि पिसोनी यांनी उलट केलं. खऱ्या माणसांचे आवाज घेतले, बोलणारे पाच, आणि र-ल शब्दाच्या सुरुवातीला, मध्ये, शेवटी, जोडाक्षरात असे सगळीकडे. पडद्यावर दोन शब्द, कानात एक. कोणता ते निवडायचं, लगेच बरोबर की चूक ते कळतं. तीनेक आठवड्यांत गटाची सरासरी सुमारे ७८ वरून ८६ टक्क्यांवर गेली.

ताईंसाठी महत्त्वाचा १९९३ चा पुढचा भाग. तिथे एका गटाला एकाच माणसाच्या आवाजावर शिकवलं. ते शिकले, पण नव्या माणसाचा आवाज आला की ती सुधारणा टिकली नाही. धड्यातल्या बाई कळतात आणि वॉर्डबॉय कळत नाही, ही तीच गोष्ट.

शेंगाचटणी
आमच्या घरी उलटं आहे. बायकोचा एकच आवाज ऐकतो आणि तोच कळत नाही.

कानपूरची सून
माझा अनुभव लिहिते. माझी मातृभाषा हिंदी. लग्न करून सोलापुरात आले तेव्हा ळ मला वेगळा ऐकूच यायचा नाही, कधी ल वाटायचा, कधी ड़. वेल आणि वेळ, काल आणि काळ, सगळं एकच. सासूबाई फार सावकाश बोलतात, त्यांचा ळ आधी कळायला लागला. नणंदेचा नाही, ती फार भरभर बोलते. मग नणंदेच्या मुलाने खेळ सुरू केला. घरात जो भेटेल त्याला 'वेल' किंवा 'वेळ' म्हणायला लावायचा आणि मी ओळखायचं. चुकलं की सगळे ओरडायचे. सासरे, दूधवाला, वरच्या मजल्यावरच्या मावशी, सगळ्यांना त्याने कामाला लावलं. तेव्हा यात काही शास्त्र आहे हे कोणाला माहीत होतं?

आश्चर्य म्हणजे मला कोणी ळ म्हणायला शिकवलं नाही. ऐकू यायला लागला तशी जीभ आपोआप वळायला लागली.

ध्वनिवेडा
कानपूरची सून, तुमच्या भाच्याला नमस्कार. त्याने दोन शब्द, अनेक आवाज आणि लगेच निकाल असा तिन्ही अंगांनी प्रयोग केला. जिभेचं तुम्ही म्हणता तेही नोंदलेलं आहे. ब्रॅडलो, पिसोनी आणि जपानी सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये दाखवलं की केवळ ऐकण्याचा सराव दिलेल्या जपानी लोकांचे र-लचे उच्चारसुद्धा सुधारले. बोलण्याचा सराव कोणी घेतलेला नव्हता. अर्थात ज्याचा कान जास्त सुधारला त्याची जीभही तेवढीच सुधारली, असं मात्र सरळ दिसलं नाही.

शंकासुर
नेहमीप्रमाणे मीठाचा खडा घेऊन आलो आहे. १९९१ च्या त्या प्रसिद्ध प्रयोगात शिकणारे किती होते? सहा. १९९३ चे गटही लहानच. २०२२ मध्ये ब्रेकेलमान्स आणि सहकाऱ्यांनी तोच एक-आवाज-विरुद्ध-अनेक-आवाज प्रयोग पुष्कळ मोठ्या गटावर पुन्हा केला. सरावाने कान सुधारतो हे ठामपणे दिसलं, पण अनेक आवाजांमुळे तो जास्त सुधारतो याला भक्कम आधार मिळाला नाही. तेव्हा 'दहा आवाज म्हणजे रामबाण' असं ताईंना सांगू नका. एका आवाजावरचा सराव वाया जात नाही.

ध्वनिवेडा
शंकासुर, बरोबर आहे, आणि ते सांगायलाच हवं होतं. मी एवढंच म्हणेन की वेगळ्या आवाजांचा जादा फायदा जुन्या लेखांत वाटतो तेवढा मोठा नसावा. पण ताईंच्या बाबतीत माझं मत तरीही अनेक आवाजांकडेच झुकतं, आणि कारण कन्नडमधलंच आहे.

र-लमधला फरक ध्वनीच्या गुणात असतो. आखूड-लांब ओमधला मुख्य फरक वेळेचा. आणि वेळ माणसागणिक बदलते. सावकाश बोलणाऱ्या आजीचा आखूड ओ हा भरभर बोलणाऱ्या पोराच्या लांब ओएवढा असू शकतो. नुसत्या लांबीवर भरवसा ठेवला की फसगत ठरलेली. ऐकणाऱ्याने त्या माणसाच्या एकूण बोलण्याच्या वेगाशी ताडून लांबी मोजायची असते. एकाच बाईंचे धडे ऐकले तर कान त्या बाईंचा वेग गृहीत धरतो आणि ती ताडणीच शिकत नाही.

भीमाकाठ
हे फारच पटलं. बाई प्रत्येक शब्द सुटा म्हणतात, आणि पेशंट मात्र एका दमात गावापासून गुडघ्यापर्यंत सगळं सांगतो.

तंबोरा
मी गाणं शिकवतो, माझं मत थोडं वेगळं. नव्या शिष्याला आम्ही पहिल्या दिवशी चार पट्ट्या ऐकवत नाही. एक तंबोरा, एक सा, तो कानात बसला की मग पट्टी बदलतो. पहिल्याच आठवड्यात पट्टी बदलत गेलो तर ज्याचा कान मुळात तयार आहे तो तरतो, बाकीचे बुडतात. भाषेत असं नसतं का?

ध्वनिवेडा
असतं! पेराक्योनी आणि सहकाऱ्यांचा २०११ चा अभ्यास नेमका यावर आहे. इंग्रजी बोलणाऱ्यांना सुरांच्या चढउताराने अर्थ बदलणारे बनावट शब्द शिकवले. ज्यांना सुरातला फरक आधीपासून चांगला कळत होता त्यांना अनेक आवाजांचा फायदा झाला. ज्यांना कमी कळत होता त्यांना अनेक आवाजांनी उलट गोंधळवलं. त्यावर उतारा असा की आवाजांची सरमिसळ करायची नाही. एकाचे सगळे शब्द, मग दुसऱ्याचे सगळे शब्द. म्हणजे आवाज अनेकच, पण एका वेळी एक. तुमची पद्धत जवळजवळ हीच आहे.

सातरस्ता
सुरांचा विषय निघालाच आहे तर अवांतर. आपले डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८ मध्ये चीनला गेले आणि तिथे चिनी बोलायला शिकले. ऐन युद्धात, जखमी सैनिकांमध्ये! त्या भाषेत सूर बदलला की शब्द बदलतो. कसं शिकले असतील?

शंकासुर
बाजारात बसून. अण्णांना एक गुण द्या.

ध्वनिवेडा
जखमी सैनिक निरनिराळ्या प्रांतांतले, म्हणजे आवाजांची आणि बोलींची कमतरता नक्कीच नसणार. चिनी सुरांवरही ही पद्धत वापरलेली आहे. वांग, स्पेन्स, जोंगमन आणि सेरेनो यांनी १९९९ मध्ये अमेरिकी विद्यार्थ्यांना दोन आठवडे चिनी सूर ओळखायला शिकवले. अचूकता २१ टक्क्यांनी वाढली आणि सहा महिन्यांनंतर तपासली तेव्हाही बरीचशी टिकून होती.

चाळीतलीआजी
माझी नात सात महिन्यांची आहे. तिला आत्ताच यूट्यूबवर इंग्रजी, कन्नड, चिनी सगळं लावून ठेवू का? तुमच्या वरच्या हिशोबाने तीनच महिने उरलेत.

ध्वनिवेडा
आजी, टीव्ही लावू नका. पॅट्रिशिया कूल यांनी २००३ मध्ये नऊ महिन्यांच्या अमेरिकी बाळांना चिनी ऐकवलं. समोर बसून खेळणाऱ्या माणसाकडून ऐकलेलं बाळांनी उचललं. तीच माणसं, तोच मजकूर पडद्यावरून दाखवला, तेव्हा काही उचललं नाही. शेजारी कोणी कन्नड आजी असतील तर नातीला त्यांच्या मांडीवर द्या.

चाळीतलीआजी
शेजारच्या आजी कन्नडच आहेत, पण आमचं बोलणं नाही. नळावरून झालंय.

शेंगाचटणी
भाषाशास्त्रासाठी नळ सोडून द्या आजी.

टोकियोपुणे
मी जपानी शिकतोय, तिथेही स्वरांची लांबी अर्थ बदलते. 'ओबासान' म्हणजे काकू आणि बा लांबवला की आजी. चुकीच्या बाईला चुकीचं म्हटलं की संपलं. मी एक साधं काम केलं. फुकटच्या फ्लॅशकार्ड ॲपमध्ये प्रत्येक शब्दाला चार-पाच जणांचे आवाज जोडले. समोर कोणता येईल ते माहीत नसतं. भीमाकाठ, तुम्हाला हवं तर पायऱ्या लिहून देतो. तांत्रिक काम काही नाही, आवाज गोळा करणं हेच खरं काम.

पूर्वभागातला
आवाज मी देतो की. आमच्या शेजारचे कन्नड काका, त्यांची सून, दोन पोरं. यंत्रमागावर आयुष्य गेल्यामुळं काका ओरडूनच बोलतात. ते ओळखलात तर जगातलं कोणतंही कन्नड ओळखाल.

भीमाकाठ
काकांचा आवाज पाहिजेच! एक मात्र ठरवलंय, पेशंटचं रेकॉर्डिंग करणार नाही. दवाखान्यात आलेल्या माणसाला "जरा डाळ म्हणा" सांगणं बरं दिसत नाही, आणि नाही म्हणायची त्यांना सोय नसते. स्टाफमधले कन्नड बोलणारे आणि तुमच्यासारखे उत्साही शेजारी, एवढ्यांवर भागवीन.

अण्णा अक्कलकोटकर
थांबा. इतका वेळ वाचत होतो. तुम्ही सगळे आवाज-आवाज करताय, पण मूळ गोष्ट कोणी बोललंच नाही. ताईंचे पेशंट धड्यातलं कन्नड बोलतच नाहीत. आमच्या भागात डाळीला 'बेळे' कोण म्हणतो? आम्ही म्हणतो 'ब्याळि'. घर म्हणजे पुस्तकात 'मने', आमच्या तोंडी 'मनि'. नको म्हणजे पुस्तकात 'बेड', ए लांब. आमच्याकडे 'ब्याड'. दुखण्याला पुस्तकात 'नोवु' लिहिलेलं असेल, आमची म्हातारी 'ब्यानि' म्हणते. तुम्ही लांब ए ऐकायला कान लावून बसणार आणि म्हातारी ए म्हणतच नाही! ही आवाजाची अडचण नाही, बोलीची आहे.

ध्वनिवेडा
अण्णा, दंडवत. हे मला सुचायला हवं होतं त्यापेक्षा फार चांगलं सुचलंय तुम्हाला. दोन गोष्टी वेगळ्या ठेवायला हव्यात. एकाच बोलीतले वेगवेगळे आवाज ऐकले की कान त्या फरकातलं टिकाऊ तेवढं उचलतो. वेगळ्या बोलीत तो फरकच दुसऱ्या रूपात असतो. उत्तर कर्नाटकाच्या बोलीत पुष्कळ शब्दांतला लांब ए 'या' होतो, म्हणजे मराठी कानाला तो उलट सोपा जायला हवा. बे आणि ब्या आपल्याला झोपेतही वेगळे कळतात.

भीमाकाठ
अण्णा!! 'ब्यानि' हा शब्द मी रोज ऐकते आणि धड्यात शोधत बसते. आता कळलं. म्हणजे माझ्या वॉर्डबॉयच्या तोंडून मला लांब ए ऐकू येत नव्हता, कारण तो म्हणतच नव्हता.

शंकासुर
धाग्याच्या सुरुवातीला अण्णांना बाजारात पाठवलं होतं, आता परत बोलवा.

तंबोरा
मग ओचं काय? तोही बदलतो का अण्णा?

अण्णा अक्कलकोटकर
काही शब्दांत बदलतो, सगळ्यांत नाही. गावागणिक निराळं. अफजलपूरचा माणूस आणि इंडीचा माणूस सारखं बोलत नाही. म्हणून तर म्हणतो, आवाज गोळा करायचेच असतील तर बंगळूरच्या दहा माणसांचे नकोत, इकडच्या पाच गावांतले पाच पुरेत. माझी सौ. आळंद तालुक्यातली, सूनबाई इंडीकडची. दोघींचं रेकॉर्डिंग पाठवतो. सौ. विचारतेय शिंग कशाला म्हणायला लावताय.

ध्वनिवेडा
अण्णा म्हणतात ती यादी हीच खरी सामग्री. ताई, माझा सल्ला आता असा. शब्द दवाखान्याचेच घ्या: पाय, हात, पाठ, गुडघा, दुखणं, सूज, उठणं, बसणं. त्यात जिथे जिथे आखूड-लांब स्वराचा प्रश्न येतो तेवढे शब्द वाढवा. पहिले काही दिवस एका वेळी एकाच माणसाचे सगळे शब्द ऐका. चुका कमी झाल्या की सरमिसळ करा. एक-दोन आवाज अजिबात न ऐकता बाजूला ठेवा आणि शेवटी त्यांच्यावरच स्वतःची परीक्षा घ्या. ऐकलेल्या आवाजावर गुण चांगले येणारच, त्याला अर्थ नाही. आणि सुट्या शब्दांवर थांबू नका, 'उठताना गुडघा दुखतो' अशी अख्खी वाक्यंही घ्या, नाहीतर एका दमात बोलणारा पेशंट पुन्हा चकवेल.

पूर्वभागातला
परीक्षेसाठी आमचे काका ठेवा बाजूला. त्यांचा आवाज सरावात घेतला तर बाकी सगळे सोपे वाटतील आणि फसाल.

कानपूरची सून
आणि चुकलं की ओरडणारी माणसं हवीत. ॲपच्या टुंग आवाजाने काही होत नाही. माझा भाचा 'चूक!' म्हणून नाचायचा, ते विसरायला होत नाही.

भीमाकाठ
यादी केली. आमचा वॉर्डबॉय, फाइली ठेवणाऱ्या मावशी, पूर्वभागातले यांच्या शेजारची तीन माणसं, अण्णांच्या घरच्या दोघी. काका परीक्षेला. टोकियोपुणे, त्या पायऱ्या लिहून द्याल का? फाइलचं नाव ठेवताना माणसाचं नाव नको, गाव आणि वय एवढंच ठेवते. अण्णा, काकूंना सांगा, 'शिंग' यादीतून काढलंय, त्याऐवजी 'ब्यानि' म्हणायचंय, आणि शक्य असेल तर खरोखर कुठे दुखत असताना.

अण्णा अक्कलकोटकर
तिचा खांदा दुखतोच. रेकॉर्डिंग आणि पेशंट दोन्ही शनिवारी घेऊन येतो.

चाळीतलीआजी
कन्नड आजींचा आवाज पाहिजे असेल तर सांगा. नळाचं मिटलंय.